आत्याबाईची पाटी

पाटी मी लिहिली. हे आधीच सांगून टाकतो, म्हणजे पुढे कुणी मला साळसूद समजायला नको.

सव्वीस वर्षांपूर्वीची गोष्ट. मत्स्यालयात लागून मला जेमतेम चार महिने झाले होते. कुठल्याशा मालवाहू जहाजावरच्या खलाशाने हौसेने पाळलेलं शार्कचं पिल्लू पिंपात घालून आमच्या दारात आणून टाकलं आणि पुढच्या मिनिटाला तो पसार झाला. हातभर लांब, अंगावर बारीक काळे ठिपके. साहेब डोक्यावर उभे. "जात कुठली? पाटी रंगवायची आहे." पुस्तक कपाटात, कपाटाची किल्ली कारकुनाकडे आणि कारकून जेवायला गेलेला. मी छातीठोक म्हणालो, "पिंगट नर्स शार्क, साहेब. आपल्याच समुद्रातली." पिंगट जातीच्या पिल्लांना ठिपके नसतात, हे कुठेतरी वाचल्याचं तेव्हाही आठवत होतं. पण "माहीत नाही" म्हणायला जीभ वळली नाही. अक्षर बरं म्हणून पाटीही मलाच रंगवायला दिली.

तिसऱ्या वर्षी ठिपके गेले आणि पाठीवरचे दोन्ही पंख अंगठ्याच्या टोकासारखे गोल दिसायला लागले. पिंगटचे पंख टोकदार असतात. ही नुसती नर्स शार्क, दूरच्या दुसऱ्या महासागरातली. दोघींचं कुल एक, दोघी सतरंजी शार्कांच्या गणातल्या, पण घरं वेगळी. पिंगटच्या पोटात पिल्लं उरलेली अंडी खाऊन वाढतात, म्हणून थोडकीच जन्मतात. हिच्या जातीत ज्याला त्याला आपापला बलक, एका वेळी वीस-पंचवीस पिल्लं. एवढा फरक मला कळत होता. पण पाटी बदलायची म्हणजे साहेबांपुढे जाऊन नाक घासायचं. झाकली मूठ सव्वा लाखाची म्हणून गप्प बसलो. साहेब बदलले, पाटी तीच राहिली.

आम्ही तिला आत्याबाई म्हणायचो. आत्याबाईला मिशा असत्या तर काका म्हटलं असतं, असं लोक म्हणतात. आमच्या आत्याबाईला खरोखरच मिशा होत्या, नाकाशी दोन. त्यांनीच ती वाळूतलं खाणं चाचपायची. दिवसभर कपारीखाली पडून राहायची आणि लोक काचेवर टकटक करून विचारायचे, "मेली का हो ही?" दिवसातून तीस वेळा. मी म्हणायचो, "अहो, पुष्कळ शार्कांना श्वासासाठी पोहत राहावं लागतं. हिला नाही लागत. ही तोंडाने पाणी ओढते, कल्ल्यांतून सोडते आणि पडून राहते. रात्रपाळी असते तिची." मग कुणीतरी शहाणा विचारायचाच, "नर्स आहे तर इंजेक्शन देते का?" या विनोदावर मी सव्वीस वर्षं हसलो. पगारच त्याचा होता.

खाणं द्यायच्या वेळी मी लोखंडी पळी बादलीच्या काठावर तीनदा आपटायचो. ठण, ठण, ठण. ती सावकाश उठायची, वर यायची आणि माझ्या हाताशी तोंड आणून मासा असा ओढून घ्यायची की पाण्याला चपराक बसल्यासारखा आवाज व्हायचा. खाऊन झाल्यावरही थोडा वेळ तिथेच थांबायची. माझी तिच्यावर माया होती. हे सांगायला मला कसली लाज नाही. माझी मुलगी सासरी गेली त्या दिवशीसुद्धा मी संध्याकाळी जाऊन आत्याबाईला खाऊ घालून आलो होतो.

यंदा मोठ्या टाकीच्या भिंतीला तडा गेला आणि मत्स्यालय पाडायचं ठरलं. छोटे मासे इकडेतिकडे गेले. आत्याबाई नऊ फुटांची. तिच्यासाठी जनावरांची एक डॉक्टरीण आली, माझ्या मुलीपेक्षाही लहान. मला काका म्हणायची. पोरगी प्रामाणिक होती, दिवस दिवस काचेसमोर बसून वहीत लिहायची.

"काका, अकरा ठिकाणी लिहिलं," ती एकदा म्हणाली. "पिंगट कुणालाच नको आहे. पण त्यात वाईट वाटून घेऊ नका. ही इथलीच आहे ना, तर हिला समुद्रात सोडता येईल. बाहेरची असती तर कायद्याने सोडता आली नसती."

"मग काय केलं असतं?"

"कुणी घेतली नसती तर झोपेचं इंजेक्शन," ती म्हणाली. "पण तो प्रश्नच नाही."

मी बादली उचलून बाजूला ठेवली. थोड्या वेळाने ती काचेला नाक लावून म्हणाली, "पंख जरा गोलसर वाटतात हो, काका. पुस्तकात टोकदार दाखवलेत."

मी म्हणालो, "झिजलेत. एवढी वर्षं सिमेंटच्या कपारीला घासतेय."

"असेल," ती म्हणाली. "तुम्ही सव्वीस वर्षं पाहताय. तुम्हाला पुस्तकापेक्षा जास्त कळणार." आणि तिने वहीत लिहून घेतलं, पंख झिजलेले.

त्या संध्याकाळी घरी मी बायकोला सगळं सांगितलं. ती कपडे वाळत घालत होती. हातातली चादर तशीच धरून म्हणाली, "अहो, त्या पोरीला खरं सांगून टाका. ती काहीतरी मार्ग काढेल."

"कसला मार्ग? अकरा जणांनी नाही म्हटलंय. सुई टोचून मारतील तिला."

"तुम्हाला तिची काळजी आहे की पाटीची?"

मी तिच्यावर असा खेकसलो की शेजारच्यांनी खिडकी लावून घेतली. तिने चादर झटकून दोरीवर टाकली. मला माझीच खात्री नव्हती, म्हणून एवढा आवाज चढला. चोराच्या मनात चांदणं.

सोडण्याआधी एक अर्ज भरायचा होता. त्यात विचारलं होतं, जनावर माणसाच्या इशाऱ्यावर खायला येतं का. येत असेल तर आधी ती सवय मोडायची, मग सोडायचं. त्याला तीन-चार महिने लागतात. भिंत एक महिनाही टिकणार नव्हती. मी लिहिलं, "नाही." पळी बाकाखाली पोत्यात सारली. डॉक्टरीण बघायला बसली ते तीन दिवस वाळूत जिवंत खेकडे सोडले आणि आत्याबाईने ते आपले आपण हुडकून खाल्ले. पास झाली. त्या तीन दिवसांत ती रोज ठरल्या वेळी वर आली, काठाशी थोडं थांबली आणि परत गेली. डॉक्टरीण म्हणाली, "बघा, फेरफटका मारतेय." मी मान डोलावली.

मग एका सकाळी नावेतून तिला खडकांच्या रांगेपाशी नेलं. तिथे पिंगट शार्क दिवसा कपारीत एकमेकींच्या अंगावर पडून असतात. पाठीच्या पंखापाशी नंबराचा बिल्ला लावला होता, तिचा ठावठिकाणा सांगणारा. झोळी पाण्यात उतरवली. वाटलं होतं, मागे वळून बघेल वगैरे. काही नाही. शेपटी हलवली आणि खाली गेली. मी नावेत बसून रडलो आणि डॉक्टरिणीने माझ्या पाठीवरून हात फिरवला. मला वाटलं, सुटलो. ती जगली, पाटी बुडाली, कुणाचं काही वाईट झालं नाही.

दोन आठवडे डॉक्टरिणीचे फोन आनंदाचे. "काका, तिने एक कपार धरलीय. रोज रात्री बाहेर पडते, उजाडलं की त्याच जागी परत." मी बायकोला ऐकवायचो, जरा मोठ्यानेच. ती म्हणायची, "बरं झालं."

तिसऱ्या आठवड्यात दुपारी फोन आला. बिल्ला मासळीच्या धक्क्यावर होता.

मी पोचलो तेव्हा आत्याबाई ओल्या फरशीवर पडली होती. तोंड थोडं उघडं. कुणीतरी पाणी मारत होतं, त्याने मिशा हलल्या आणि मला क्षणभर वाटलं, नेहमीसारखी पडलीय. माझ्याच तोंडात उत्तर तयार होतं, मेली नाही हो, ही अशीच असते. बिल्ला पाहून डॉक्टरिणीला फोन करणारा म्हातारा कोळी शेजारी ओशाळून उभा होता. बिचाऱ्याचा काय दोष.

"आम्ही होडीच्या फळीवर काठी आपटतो," तो सांगत होता. "आवाजाला भिऊन मासे जाळ्यात जातात. मोठे शार्क आवाज ऐकला की लांब पळतात. चाळीस वर्षांत असं पाहिलं नाही. आम्ही आपटलं की ही उलटी आमच्याकडेच. वर येऊन तोंड उघडून थांबली. जाळ्यात गुरफटली तरी झटापट नाही केली. आम्हाला कळेचना काय करावं ते."

मला कळलं. डॉक्टरीण तिच्याजवळ गुडघ्यांवर बसली होती आणि पहिल्यांदाच तिला निवांत, जवळून बघत होती. पाठीच्या पंखाच्या कडेवरून तिने बोट फिरवलं. एकदा, मग पुन्हा एकदा.

"काका," ती म्हणाली, "हे झिजलेलं नाहीये."

"नाही," मी म्हणालो.

"कुठली आहे ही?"

मी सांगितलं. खलाशी, पिंप, ठिपके, कारकून जेवायला गेलेला, सगळं. पळीचंही सांगितलं. सव्वीस वर्षांत तिच्या जातीचं खरं नाव मी कधी मोठ्याने उच्चारलं नव्हतं, ते मासळीच्या धक्क्यावर उच्चारलं. ती ऐकत राहिली. मला वाटत होतं, तिने ओरडावं.

"त्या अकरांपैकी दोघांनी उलट पत्र पाठवलं होतं," ती म्हणाली. "पिंगट नको, पण साधी नर्स शार्क असेल, त्यातून मादी असेल, तर स्वतःच्या खर्चाने घेऊन जातो म्हणाले. त्यांच्याकडे तिच्याच जातीचे नर आहेत. मोठ्या टाक्या आहेत. मी त्यांना कळवलं, त्या जातीची शार्क आमच्याकडे नाही."

तिने बिल्ला काढून रुमालात गुंडाळला आणि गेली. काका म्हणाली नाही.

घरी जायची हिंमत होईना. तिथून मी मत्स्यालयात गेलो. पाडणारे लोक बाहेर सावलीत बसले होते. मोठी टाकी कोरडी, तळाशी सिमेंटची कपार, तिच्या पाठीने गुळगुळीत झालेली. घासून सिमेंट झिजलं होतं, पंख नाही. बाकाखाली पोत्यात पळी तशीच होती. रंगाचा एक डबा सापडला, ब्रश सापडला. पाटीवरचा 'पिंगट' हा पहिला शब्द खरवडून काढला आणि उरलेलं नाव नीट गिरवलं. अक्षर वाचता येण्यासारखं आलं.

एक कामगार हातोडा घेऊन आत आला. त्याने पाटी वाचली, रिकाम्या टाकीकडे पाहिलं.

"ही भिंत आत्ता पाडायची आहे, आजोबा," तो म्हणाला. "आता कशाला रंगवताय?"

"चुकीचं लिहिलं होतं," मी म्हणालो आणि बाजूला झालो.