दहा तारीख

मुनिमाने तानाबाईचे पैसे टेबलावरून परत तिच्याकडे सरकवले. शेठ खामगावला गेलेत, त्यांच्या हुकमाशिवाय घेता येणार नाहीत, सोमवारी या, असं तो खाली मान घालून म्हणाला. शुक्रवार होता आणि तारीख होती दहा.

तानाबाईला डाव कळला.

मोताळ्याच्या बसस्टँडमागे तिचं मिरची-मसाल्याचं कांडप होतं. नवऱ्याच्या आजारपणात तिने शेजारच्या हार्डवेअरवाल्या भालचंद्रशेठकडून कागद करून पैसे उचलले. नवरा काही वाचला नाही, कर्ज तेवढं राहिलं. ते थकल्यावर शेठने दावा लावला आणि जिंकला. मग घरी येऊन त्याने मायेने समजावलं, की कांडपाची जागा लिहून दे आणि मोकळी हो. त्याला दुकान रस्त्यापर्यंत वाढवायचं होतं, हे अख्ख्या मोताळ्याला ठाऊक होतं.

"पैसे घेतले, ते देईन," तानाबाई म्हणाली होती. "जागा काही मी तुमच्यापासून घेतली नव्हती."

कोर्टात तिने कर्ज नाकारलं नाही. तिच्या वकील पूनमताईंनी हप्ते बांधून मागितले. ही बाई नुसती वेळ काढते आहे, असं शेठचा वकील म्हणाला. तेव्हा न्यायाधीशबाईंनी तिलाच विचारलं, झेपेल का? मिरचीचा हंगाम चारच महिने असतो, बाकीचे दिवस हळद-धण्यावर काढावे लागतात, हे तिने सांगितलं, आणि तरी झेपेल म्हणाली. कोर्टाने अडीच वर्षांचे हप्ते दिले. दर महिन्याच्या दहा तारखेपर्यंत भरायचे, एक जरी चुकला तरी सवलत रद्द आणि जागेचा लिलाव.

हा आठवा हप्ता होता.

"घेत नाही असं लिहून द्या," ती मुनिमाला म्हणाली. त्याने पेन खिशात घातलं. तिने पैसे पदरात बांधले आणि तिथूनच पूनमताईंना फोन लावला. गिऱ्हाइकांची मिरची तशीच टाकून ती भर उन्हात कोर्टाकडे चालत निघाली.

कोर्टाचे पैसे जमा करून घेणारे नाझर म्हणाले, साहेबांच्या हुकमाशिवाय मलाही घेता येत नाहीत. सकाळपासून हुकूम हा शब्द तिने दुसऱ्यांदा ऐकला. पूनमताईंनी तिथेच उभ्याने अर्ज लिहिला. जेवणाच्या सुट्टीनंतर न्यायाधीशबाईंनी तो वाचला आणि यापुढचे हप्तेही कोर्टात भरायची मुभा दिली. खिडकी बंद व्हायच्या आत पावती तानाबाईच्या हातात होती.

संध्याकाळी शेठ स्वतः कांडपावर आला. शिंका आवरत दारातच उभा राहिला.

"काऊन गेली वं कोर्टात? मी काय पळून चाललो होतो?"

"तुम्ही नाही, शेठ. तारीख पळून चालली होती."

झालं गेलं विसर, पुढचे पैसे दुकानावरच देत जा, असं तो म्हणाला. तानाबाई चाळणी हलवत राहिली.

"आता तिथंच भरीन. तुम्ही तिथून उचलत जा."

आणि तिने तसंच केलं. एका पावसाळ्यात यंत्राची मोटार जळाली, तेव्हा दुसऱ्याच्या कांडपावर मजुरीने जाऊन तिने पैसे उभे केले. दहा तारीख काही चुकू दिली नाही.

शेवटच्या हप्त्याला नाझरांनी पावतीपुस्तक उघडलं, तेव्हा तिने त्यांना थांबवलं.

"साहेब, यावर आमच्या मालकाचं नाव लिहता येईन काय? जीव जाईपर्यंत त्याइले एकच घोर होता, का लोक म्हणतीन, बुडवून गेला."

गेलेल्या माणसाच्या नावाने पावती फाडता येत नाही, नाझर म्हणाले. मग त्यांनी नवऱ्याचं नाव विचारलं. ते तोंडाने घ्यायला तानाबाईला एवढ्या वर्षांनीही जड गेलं.

"पंजाबराव," ती हळूच म्हणाली.

'तानाबाई भ्रतार पंजाबराव, कर्ज पूर्ण फेड', असं नाझरांनी ठळक अक्षरात लिहिलं आणि तिला वाचून दाखवलं.

तिने पदर सारखा केला आणि पुन्हा एकदा वाचायला सांगितलं.