पडदा सरकण्याआधीची नाडी

मित्रांनो, मी एक जुना नाडीमापक. सध्या माझा मुक्काम अडगळीच्या खोलीत, पाय मोडलेल्या खुर्च्यांच्या मागे असतो. माझी सुई गंजली आहे, पण आठवण अजून ठणठणीत आहे.

एका छोट्या कारखान्यात माझा जन्म झाला आणि तिथून मी थेट प्रयोगशाळेत आलो. तिथल्या मोठ्या बाईंना चक्क प्रेम मोजायचं होतं! माणसाच्या मनगटाला माझा पट्टा बांधायचा, समोरचा पडदा सरकवायचा आणि पलीकडे बसलेलं त्याचं लाडकं माणूस दाखवायचं. नाडी उसळली, की माझी सुई कागदावर उंच उंच डोंगर काढायची. मग सगळे टाळ्या वाजवायचे. लांबलांबून पाहुणे मला बघायला येत. खोटं कशाला बोलू, मी भलताच शेफारलो होतो.

बाई मात्र काटकसरी. कागद वाया जाऊ नये म्हणून पडदा सरकल्यावरच त्या सुई कागदावर टेकवत.

एकदा एक म्हातारे सुतार आणि त्यांची बायको आली. तारा आणि दिवे बघूनच सुतारकाकांना धडकी भरली. पट्ट्याखाली त्यांची नाडी नुसती धावत सुटली होती. पडदा सरकला. पलीकडे काकू दिसल्या आणि बघता बघता नाडी निवली. बाईंनी सुई टेकवली ती त्यानंतर. कागदावर सपाट रेघ उमटली.

“काकू, वाईट वाटून घेऊ नका,” बाई म्हणाल्या, “पण तुम्हाला बघून यांच्या नाडीत काहीच फरक पडला नाही.”

काकूंचा चेहरा उतरला.

“अगं, तू दिसलीस म्हणून तर माझ्या जिवात जीव आला,” काका म्हणाले.

“राहू द्या हो. यंत्र कशाला खोटं बोलेल?”

ओरडून सांगावंसं वाटलं, काकू, ते खरं बोलताहेत! पण मला तोंड नाही, आणि सुई टेकवल्याशिवाय लिहिता येत नाही. काकू डोळे पुसत पुढे निघाल्या. काका मनगट चोळत मागून गेले. जिन्यावरही ते तेच तेच सांगत होते.

पुढे नवी यंत्रं आली आणि माझी रवानगी इथे झाली. त्याचं मला दुःख नाही. माझ्यावरची धूळही पुसू नका, चालेल. फक्त घरी कुणी म्हणालं, “तू आलास, बरं वाटलं,” तर पुरावा मागू नका. काकांकडे शब्दांवाचून दुसरं काही नव्हतं, आणि ते शब्द खरे होते.