छोट्या लाइनीचं फाटक

प्रेमिलाचं पोट दुखत होतं, आणि दोष सकाळच्या पोह्यांचा नव्हता. त्या दुखण्याचं नाव होतं गोपिका, आणि ते गेलं वर्षभर चाललं होतं.

तसं पाहिलं तर दुखणं तिनं स्वतःच आणलेलं. प्रेमिलाचा बाप नत्थू लकडगंजातल्या आरामशिनीवर लाकडं कापायला होता. पोरगी छप्पन सालची, दीक्षेच्या सालातली, म्हणजे आता तेवीस वर्षांची. शाळेत असल्यापासून रोज दुपारी बापाचा डबा सायकलवर घेऊन जायची. डब्यातलं वरण कधी सांडलं नाही, आणि रस्त्यावरचा एकही गडी तिच्यापुढे कधी टिकला नाही. देवाजीभाऊंचं सायकल दुरुस्तीचं दुकान त्याच रस्त्यावर. त्यांनी हे चार दिवस पाहिलं, पाचव्या दिवशी तिला थांबवलं आणि शर्यतीला उतरवलं. तेव्हापासून तीन वर्षं नागपुरात मुलींची शर्यत म्हटली की पहिली कोण, हे विचारायचीसुद्धा कोणी तसदी घेत नसे.

मग कुहीकडची गोपिका आली. गावाकडे ती पहाटे दुधाचे कॅन सायकलला बांधून स्टेशनवर पोचवायची. इथं मावशीकडे, यमुताईकडे राहायला आली आणि देवाजीभाऊंच्या दुकानात हवा भरायला थांबली, ती थांबलीच. तिला सगळं शिकवलं प्रेमिलानं. पुढचीच्या मागच्या चाकाला चिकटून कसं चालायचं, म्हणजे वारा पुढची खाते आणि आपले पाय वाचतात, हेसुद्धा. गोपिका "ताई, ताई" करत शिकली. आणि एक दिवस देवाजीभाऊ म्हणाले, "प्रेमिला, जरा गोपिकासारखी बसून पाह्य बरं सीटवर."

झालं. त्या दिवसापासून प्रेमिलाच्या अंगाचा तिळपापड. गोपिका हसली तरी राग, घामानं निथळली तरी राग. आपणच रांधावं, आपणच वाढावं आणि पंगतीत पाहुणी पहिल्या पाटावर बसावी, असं तिला झालं होतं. हे चांगलं नाही, हेही तिला कळत होतं. कळून मत्सर जातो असं कुणी सांगितलंय?

त्यातच ही शर्यत. एका सूतगिरणीनं बायकांचा सायकल संघ काढला होता. संघात घेतलेल्या मुलीला महिन्याचा पगार मिळणार, आणि काम काय, तर सायकल चालवणं. नागपूरला जागा एकच. लकडगंजातून निघायचं, कुहीला वळसा घालून परत यायचं, पहिली येईल तिची जागा. नत्थूनं अख्ख्या आरामशिनीवर सांगून टाकलं होतं की आपली पोरगी आता नोकरीवाली होणार.

शर्यतीच्या सकाळी प्रेमिलाचं मागचं चाक बसलं. नेमकी तेव्हाच पंचांनी सगळ्या मुलींना नियम सांगायला बोलावलं. गोपिकानं बाह्या वर केल्या आणि चाकाशी उकिडवी बसली.

"तू जाय ताई, ऐकून घे. पंक्चर माह्यावर सोड."

पंच रुपराव मास्तरांनी नियम सांगितले. त्यातला एक नवा होता. परतीच्या वाटेवर छोट्या लाइनीचं, म्हणजे नॅरोगेज रेल्वेचं, फाटक लागतं. ते बंद असलं तर थांबायचं. बंद फाटकाखालून जी जाईल ती बाद, मग ती पहिली का येईना. मुली हसल्या, कारण नागपुरात फाटक बंद म्हणून कोण थांबतं? छोटी गाडी ती, शिट्टी आधी येते आणि गाडी मागून तिच्या सवडीनं. तोवर सायकल आडवी करायची, मान वाकवायची आणि निघायचं. डॉक्टरही तसेच जातात आणि मास्तरही. स्वतः रुपराव मास्तर रोज जात असत.

प्रेमिला परत आली तेव्हा चाकात हवा भरून तयार होती. गोपिकाचे हात काळे झाले होते.

"का सांगतलं वं?"

"काही नाही," प्रेमिला म्हणाली. "नेहमीचंच."

हे ती ठरवून बोलली नव्हती, तोंडातून निघालं. पण निघाल्यावर परतही घेतलं नाही.

अकरा जणी निघाल्या. निम्म्या वाटेतच दोघी सगळ्यांच्या पुढे निघाल्या. कुहीला अख्खं गाव रस्त्यावर. गोपिकाची आजी जिजाबाई पाण्याचा गडवा घेऊन उभी होती. "पह्यले ताईले दे," गोपिका ओरडली. प्रेमिला ते पाणी प्यायली, थंडगार होतं, आणि पोटात उतरल्यावर तेही जळलं.

परतीला प्रेमिला गोपिकाच्या मागच्या चाकाला चिकटली. तिनंच शिकवलेली युक्ती. पण शहर जवळ आलं तशी गोपिकानं मान खाली घातली आणि चाक हळूहळू लांब जायला लागलं. दहा हात, वीस हात, शंभर हात. पाय पेटले होते, तरी अंतर तुटेना.

आणि समोर फाटक पडलं.

गोपिका फाटकाशी पोचली. तिनं एकदा मागं वळून पाहिलं. हाक ऐकू जाईल इतक्यावर प्रेमिला होती. एक "थांब" पुरला असता. प्रेमिलानं दात दाबून धरले. गोपिकानं सायकल आडवी केली, वाकली आणि पलीकडे गेली. पलीकडच्या कडुलिंबाखाली बसलेल्या रुपराव मास्तरांनी वहीत नंबर लिहिला. थांबवणं हे पंचाचं काम नाही, असं त्यांचं मत होतं.

प्रेमिला फाटकाशी येऊन उभी राहिली. जिंकली होती ती! आता काहीच करायचं नव्हतं. गाडी जाऊ द्यायची, फाटक उघडलं की सावकाश जायचं, जागा तिची. मागं तिसऱ्या नंबरावरची धरमपेठेची शोभा अजून दिसतसुद्धा नव्हती. क्षणभर तिला इतकं हलकं वाटलं की हसू आलं.

तेवढ्यात पलीकडून टाळ्या ऐकू आल्या. रस्ता सरळ होता, शर्यत संपायची पांढरी रेघ इथूनच दिसत होती. आरामशिनीवरचे सगळे जमले होते. देवाजीभाऊ टोपी काढून हलवत होते. आणि त्यांच्या शेजारी नत्थू, तिचा बाप, दोन्ही हात वर करून गोपिकासाठी टाळ्या वाजवत होता.

बाद झालेल्या पोरीसाठी होत्या त्या टाळ्या. फुकटच्या. पाच मिनिटांत विरून जाणाऱ्या. प्रेमिलाला हे सगळं माहीत होतं, आणि तरी तिला ते बघवेना. तिनं सायकल आडवी केली, मान वाकवली आणि फाटकाखालून गेली.

मग मात्र ती अशी सुटली, जशी आयुष्यात कधी सुटली नव्हती. मागं आता कुणी नाही असं समजून गोपिकानं पाय सैल सोडले होते. रेघ ओलांडली तेव्हा ती गोपिकाच्या अर्धं चाक पुढे होती. नत्थूनं तिला मिठी मारली. आरामशिनीवाल्यांनी गुलाल उधळला. त्यानंतर रुपराव मास्तर वही घेऊन आले आणि दोन नंबर वाचले.

पुष्कळ वेळानं शोभा आली. फाटकाशी मुकाट थांबली होती, गाडी गेल्यावर निघाली होती. हार तिच्या गळ्यात पडला तेव्हा ती आजूबाजूला पाहत होती, कुणाची तरी चूक झाली असावी म्हणून.

गोपिका सायकल धरून प्रेमिलाजवळ आली. हात अजून काळेच होते.

"मास्तर म्हणते, नियम सकाळीच सांगतला होता. मले तर माहीत नव्हतं. पण तुले माहीत होतं ना, ताई? मग तू काहून आली वं खालून?"

टोमणा नव्हता तो. तिला खरंच कळत नव्हतं. नत्थूही उत्तराची वाट पाहत होता, भुवयांवर गुलाल तसाच.

प्रेमिलाला खोटं सुचलं नाही. "तू पुढं गेलेलं पाहवलं नाही मले," ती म्हणाली.

गोपिकानं आपल्या काळ्या हातांकडे पाहिलं. मग म्हणाली, "एक हाक मारली असती तर मी थांबली असती. पह्यले तुलेच जाऊ देली असती."

आणि ती तशी मुलगी होती, हे प्रेमिलाला माहीत होतं.