भुकेच्या भरवशावर

बुरुल कणीक तिंबत होती आणि शेजारी उलकान फुंकून फुंकून चहा पीत होती. तिच्या मांडीवर पांढरा रुमाल होता, नव्या सुनेच्या डोक्यावर बांधायचा. याच बाईच्या भाच्याने बुरुलच्या लेकीला, मेरिमला, भर बाजारातून मोटारीत कोंबून पळवले होते. पोरगी पळवायची आणि त्यालाच लग्न म्हणायचे, अशी त्या डोंगराळ मुलुखातली रीत! पण रुमाल डोक्याला लागण्याआधीच मेरिम खिडकीतून उडी टाकून डोंगरात पसार झाली. चार दिवस झाले, शोधायला कुणी गेले नव्हते.

“शोधायचं कशाला? पोटच आणेल ओढून,” उलकान म्हणाली. “तुलाही आणलंच होतं की गं!”

बुरुलचा नवरा तुर्दुबेक खो खो हसला. बुरुलच्या मुठी कणकेत रुतल्या.

तुर्दुबेकने तिला पळवून आणले तेव्हा तीही अशीच डोंगरात गेली होती. भुकेपोटी भलताच कंद खाल्ला, ओकून ओकून अर्धमेली झाली आणि याच उंबऱ्याशी रांगत आली. गाव पोट धरून हसले. म्हणून तर तिने लेकीला पानन् पान ओळखायला शिकवले. रानकांदा कुठे उगवतो, आंबट रेवंदाचे देठ कसे सोलायचे, कशाला हात लावायचा नाही. नवऱ्याला वाटले, पोर चांगली सून होईल. माणसाला भुकेने वाकवायचे आणि वर त्याला परंपरा म्हणायचे, या निलाजरेपणाला काय म्हणावे?

दुपारी मेरिम दारात उभी राहिली. ओठ फाटलेले, बोटे हिरवी, मान ताठ.

“आलीस? लागली ना भूक?” उलकानने रुमाल उलगडला.

“भूक नाही लागली, मावशी. ठाण्यात तक्रार द्यायला चाललेय. आई, येतेस?”

“खबरदार!” तुर्दुबेक ओरडला. “पोरगी म्हणजे फेकलेला धोंडा, पडेल तिथंच राहायचा. मुकाट्यानं हिच्याबरोबर जा. माझं नाक कापू नकोस.”

बुरुलने हात पुसले.

“कणीक मळून ठेवलीय,” ती नवऱ्याला म्हणाली. “भूक लागली की भाजून घ्या.”

दोघी उतरणीला लागल्या. दारादारांतून बायका बघत होत्या. एकीनेही हाक मारली नाही.

“ठाण्यातला शिपाई त्या पोराचा मावसभाऊ आहे गं,” बुरुल हळूच म्हणाली. “दिवस दिवस बसवून ठेवेल आपल्याला.”

“बसू की,” मेरिम म्हणाली आणि तिने खांद्यावरची झोळी उघडून दाखवली. रेवंदाच्या देठांनी ती गच्च भरली होती.