एक राखणदार जास्त

धुकं इतकं दाट होतं की मचाणावर बसलेला आपला नेमसिंग रुपीबाईला खालून दिसत नव्हता. कणसांवर उतरलेल्या पोपटांची कुरतड मात्र ऐकू येत होती. तांड्यातल्या त्या मायलेकांची वर्षाची ज्वारी पाखरांच्या पोटात चालली होती, आणि वर गोफण गप्प होती.

चीनच्या लढाईतून तो परतला त्याला वर्ष झालं होतं. मुकुटबनकडच्या त्या शिवारात राखणीची एक रीत होती. नाल्याकाठच्या रहेमानच्या मचाणावरून हाक निघायची, पुढच्यानं ती उचलायची, अशी ती शेवटच्या शेतापर्यंत जायची. पाखरं उठायची आणि जो तो आपल्या जागी आहे हेही कळायचं. यंदा ती बंद होती. पोरगा तोफांतून आला आहे, आरडाओरडा नको, डबेही वाजवू नका, असं रहेमाननंच सगळ्यांना समजावलं होतं. दाणे गेले तरी कुणी वाकडा शब्द काढला नव्हता.

रुपीबाई शिडी चढली. नेमसिंगच्या गोफणीत दगडच नव्हता. तो धुक्याकडे कान लावून बसला होता.

"आवाजाचा तरास होते का रे?"

"आवाजाचा नाही व याडी," तो आईला म्हणाला. "तिकडं बर्फात रातभर आमी अशाच हाका देऊन राह्यलो होतो. या खंदकातून त्या खंदकात. पहाटे मी हाक देल्ली, तं कोनीच ओ देल्ली नाही. इथंबी तसंच गप झालं. मले वाटते, सारेच गेले."

रुपीबाई उतरली आणि बांध ओलांडून रहेमानकडे गेली. ऐकून तो कपाळाला हात लावून खाली बसला.

"मावशी, आमाले वाटे आमी चांगलं करून राह्यलो."

ती परत आली तोवर धुकं विरळ झालं होतं. मागून रहेमानची हाक आली. मचाणावर नेमसिंग दचकून उभा राहिला. मग त्यानं ती उचलली. पलीकडच्या शेवटच्या शेतातून धनसिंगनं ती घेतली.

धनसिंगच्या पुढे शेत नव्हतं, नुसतं पळसाचं रान होतं. तरी नेमसिंग गोफण उचलून त्या बाजूला कान लावून थांबला.

रुपीबाई त्या बाजूच्या ज्वारीत शिरली, वाकली, आणि आवाज घोगरा करून तिनं ओ दिली.

वर गोफण गरगरली. पोपटांचा थवा उठला.

कापणीपर्यंत त्या शिवारात रोज एक राखणदार जास्त होता. त्याचं मचाण कुठे आहे, असं नेमसिंगनं कधी विचारलं नाही.