सीडी लागेपर्यंत

मित्रांनो, मला सरळ करायला जाऊ नका. माळ्यावर उलटा पडलोय, तसाच बरा आहे. इतकी वर्षं उलटा राहिलो की आता सरळ ठेवलं तर मलाच परक्या घरी आल्यासारखं होतं. मी टीव्हीला जोडून खेळायचा गेम आहे. करडा रंग, वर गोल झाकण, झाकणाखाली सीडी. तुमच्यापैकी बऱ्याच जणांनी माझ्यासारखा पाहिलाही नसेल. तुमचे गेम आता म्हणे खिशातल्या फोनवर येतात. येऊ देत. हेवा करायलाही अंगात ताकद लागते, आणि मी फार दमलोय.

माझा जन्म दूरच्या एका कारखान्यात झाला. तिथलं मला फारसं आठवत नाही. पांढरे हातमोजे आठवतात, आणि सरकत्या पट्ट्यावर माझ्या मागेपुढे माझ्यासारखेच करडे डबे. माझ्या पोटात एक इवलंसं भिंग बसवलं होतं. ते प्लॅस्टिकच्या दोन पट्ट्यांवरून पुढे-मागे सरकायचं आणि खालून सीडी वाचायचं. माझी सगळी अक्कल त्या भिंगात. ते चाललं तर मी गेम, नाही तर नुसता डबा.

एकोणीसशे नव्व्याण्णवच्या दिवाळीत विश्वासमामांनी मला सिंगापूरहून चंदीगडला आणलं. त्यांची बहीण शुभदा इथं विद्यापीठात शिकवायची आणि मेहुणे नरेश सेक्टर ३९ मधल्या सरकारी संशोधन संस्थेत शास्त्रज्ञ होते. त्यांचा मुलगा कैवल्य तेव्हा सहावीत होता. काय ते दिवस होते! शाळेतून आला की दप्तर सोफ्यावर आणि मी टीव्हीखाली. शेजारपाजारची मुलं बूट काढून रांगेत बसायची. "ओए, अब मेरी बारी," म्हणून भांडणं व्हायची. बावीस सेक्टरच्या बाजारातून आणलेल्या सीड्यांवर शेंगदाण्याच्या चिक्कीचे डाग पडायचे, त्या बनियनला पुसून पुन्हा माझ्या पोटात यायच्या. मी निमूट वाचायचो. जूनमध्ये मला आतून घाम फुटायचा, जानेवारीत झाकण उघडलं की गारठा आत शिरायचा, पण मी कधी कुरकुर केली नाही. आता करतोय ती मागची थकबाकी समजा.

मग कैवल्य शिकायला पुण्याला गेला, आणि मी कपाटाच्या खालच्या कप्प्यात गेलो. घरात त्याची धाकटी बहीण अवनी होती, पण तिला कुणी खेळायला बोलवायचं नाही आणि तीही मागायची नाही. अवनी मुळातच कमी बोलायची. बाहेर हिंदी, शाळेत इंग्रजी, घरात आईबाबांचं मराठी. तिला मराठी सगळं समजायचं, उत्तर मात्र हिंदीत. त्याला कारण होतं. मिरजेला एका लग्नात ती मराठीतून काहीतरी बोलली आणि सगळा मांडव खो खो हसला. प्रेमानंच हसले असतील. पण नऊ वर्षांच्या पोरीला ते कसं कळावं? तिनं तोंड मिटलं ते मिटलंच.

दोन हजार सहाच्या जानेवारीत आजोबा आले. रघुनाथ त्यांचं नाव, नरेशचे वडील, घरात त्यांना अण्णा म्हणायचे. एसटीत कंडक्टर होते, सगळा जन्म मिरज-कोल्हापूर करण्यात गेला. कपाळावर डाव्या भुवईच्या वर एक जुनी खोक होती. पावसाळ्यात आजी गेल्या, आणि मिरजेच्या घरात एकटं राहायला नको म्हणून नरेश त्यांना घेऊन आला. आजोबांनी येतानाच होळीनंतरचं परतीचं तिकीट काढून घेतलं होतं.

"अण्णा, तिथं एकटे कसे राहणार तुम्ही?" नरेश रोज विचारायचा.

"इथं तरी काय रे? तुम्ही दोघं कामावर. पोरगी हिंदीत हूं हूं करते. इथंही एकटाच आहे की."

खोटं नव्हतं ते. म्हातारा माणूस माकडटोपी घालून गॅलरीत बसायचा आणि धुक्यात काही दिसतं का बघायचा. मी कप्प्यातून ऐकायचो. मलाही वाईट वाटायचं, पण मी काय करणार? माझंच कोण करत होतं?

थंडीमुळे शाळांची सुट्टी वाढली. अवनी कंटाळली आणि तिनं मला बाहेर काढलं. फडक्यानं धूळ पुसली, वायरी जोडल्या, गाड्यांच्या शर्यतीची सीडी घातली. सीडी गरगर फिरली. माझं भिंग सरकलं, टिक टिक केलं, परत फिरलं, पुन्हा सरकलं. काही दिसेना. ज्या पट्ट्यांवरून ते सरकायचं, त्या झिजल्या होत्या आणि भिंग एका अंगाला खाली बसलं होतं. सीडी नजरेसमोर, पण वाचता येईना. मित्रांनो, त्यासारखा अपमान नाही.

अवनीला कैवल्यची एक युक्ती ठाऊक होती. तिनं मला उचललं आणि चक्क उलटं करून ठेवलं. आता भिंग वजनानं सीडीकडे झुकलं. तरी लगेच काही जमेना. दहा वेळा चाचपडायचं, मग कुठं पहिलं अक्षर लागायचं. चहा उकळून गाळून होईल एवढा वेळ सहज जायचा. ती गुडघे पोटाशी घेऊन वाट बघत बसली.

आजोबा गॅलरीतून आत आले. "काय गं, हा डबा उलटा का ठेवलाय?"

"ऐसे ही चलता है. टाइम लगेगा," अवनी म्हणाली.

"म्हणजे इंजिन तापायचंय. बसतो तर मग." आजोबा खुर्ची ओढून बसले. रिकामं बसणं त्यांना जमायचं नाही. त्यांनी आपणहूनच सुरुवात केली. "आमच्याकडं एक गाडी होती, सकाळी चालूच व्हायची नाही. पॅसेंजर खाली उतरून ढकलायचे. एकदा एक नवरदेव ढकलत होता, मुंडावळ्यांसकट."

अवनी हसली. तेवढ्यात माझी सीडी लागली आणि टीव्हीवर गाड्या उभ्या राहिल्या. आजोबांनी चमचा उचलला आणि हातातल्या स्टीलच्या पेल्यावर दोनदा वाजवला, टण टण. डबल बेल. गाडी सुटली. आणि ते एकदम गप्प झाले. शर्यत संपेपर्यंत अवाक्षर नाही. अवनीनं वळून पाहिलं तर म्हणाले, "समोर बघ. गाडीत पाटी असते, चालकाशी बोलू नये. सबंध नोकरीत मी तो नियम मोडला नाही."

असा तो परिपाठच पडला. मी उलटा, सीडी गरगर, आणि तेवढ्या वेळात आजोबांची गोष्ट. सीडी लागली की डबल बेल, आणि गोष्ट तिथंच थांबायची. मग कधी बोकडाचं तिकीट अर्ध्यावर, कधी कुणाचं बाळंतपण. मी जितका चाचपडायचो तितकी गोष्ट पुढं जायची. आणि एके दिवशी, मित्रांनो, माझं भिंग टिक टिक करत असताना मी ऐकलं. अवनी हळूच म्हणाली, "मग?"

आजोबा थबकले, पण त्यांनी तसं दाखवलं नाही. पोरगी कितीतरी महिन्यांनी मराठीत बोलली होती. "मग काय," म्हणून त्यांनी गोष्ट पुढं नेली. दुसऱ्या दिवशी "मग काय झाला?" आलं. चुकलं की नाही याकडं आजोबांनी लक्षच दिलं नाही. ते हसले नाहीत, दुरुस्तही केलं नाही. त्यांना उत्तर द्यायची घाई होती.

नंतर तंबोऱ्याची गोष्ट लागली. गाडी खच्चून भरलेली, आणि एक म्हातारे बुवा शेजारच्या सीटवर तंबोरा बसवून आलेले. पुढं एक गरोदर बाई उभी. आजोबांनी तंबोऱ्याला उठवलं, बाईला बसवलं, आणि तंबोरा स्वतः कवटाळून उभे राहिले. "आणि अंकलीच्या पुलावर आडवी म्हैस आली. ड्रायव्हरनं असा करकचून ब्रेक मारला..." आणि नेमकी माझी सीडी लागली. टण टण.

इकडे नरेशनं आपल्या परीनं विचार केला. अण्णांना गेमची गोडी लागलीय, पण बिचारे किती वेळ ताटकळत बसतात. तो नीट करून दिला तर रमतील, तिकीट रद्द करतील. भला माणूस. त्याच रविवारी त्यानं जेवणाच्या टेबलावर वर्तमानपत्र पसरलं आणि मला उघडलं. आजोबांनी बॅटरी धरली. आधी स्पिरिटचा बोळा फिरवला, काही झालं नाही. मग पट्टीखाली लग्नपत्रिकेचा कपटा सारून भिंग उचललं. मी दोन सीड्या वाचल्या आणि पुन्हा आंधळा. शेवटी नरेशनं बावीस सेक्टरच्या दुकानदाराला सांगून दिल्लीहून नवं भिंग मागवलं, पट्ट्यांसकट. जुनं काढलं, नवं बसवलं, झाकण लावलं. एक स्क्रू उरला. "तो जादाच होता," नरेश म्हणाला. मी अजूनही हलवलं की खडखडतो.

पण वाचायला लागलो! सरळ ठेवला तरी. सीडी घातली की डोळ्याचं पातं लवतं न लवतं तोच गाड्या हजर. घरात टाळ्या झाल्या. शुभदानं शिरा केला. मला वाटलं, जिंकलो. माझे जुने दिवस परत आले.

त्या संध्याकाळी आजोबा खुर्ची ओढून बसले. अवनीनं सीडी घातली. आजोबांनी तोंड उघडलं, "तर अंकलीच्या पुलावर..." आणि गाड्या उभ्या. त्यांनी क्षणभर टीव्हीकडं पाहिलं, पेल्यावर दोनदा चमचा वाजवला आणि गप्प बसले. शर्यत संपली, दुसरी लगेच सुरू झाली. तिसरी. आजोबा उठून गॅलरीत गेले. दुसऱ्या दिवशीही तेच. चौथ्या-पाचव्या दिवशी ते आलेच नाहीत.

धुकं सरलं होतं, शाळा सुरू झाल्या होत्या. घर पुन्हा पहिल्यासारखं झालं. नरेशला काही उमगेना. "अण्णा, आता तर गेम मस्त चालतो, बसत का नाही तुम्ही?" आजोबा म्हणाले, "चालतो की. छान चालतो." आणि त्यांनी ट्रंक खाली काढली. होळी झाली. त्यांच्या सदऱ्यांच्या घड्या ट्रंकेत जाताना मला दिसत होत्या. माझं भिंग नवंकोरं होतं आणि मला त्याचा मनापासून वीट आला होता.

जायच्या आदल्या दिवशी दुपारी अवनी शाळेतून आली. नरेश सुट्टी घेऊन घरीच होता, ट्रंकेला दोरी बांधत होता. ती टीव्हीपाशी बसली. सीडी तिनं डबीतून काढली आणि डबीवरच ठेवून दिली. माझं झाकण रिकामंच बंद केलं. मग मला उचललं, उलटं केलं आणि बटण दाबलं. मी सवयीनं भिंग सरकवलं. समोर काहीच नव्हतं. टीव्हीवर नुसता काळा पडदा आणि सीडी घाला अशी सूचना.

"आजोबा," तिनं हाक मारली. "या ना."

आजोबा आले. त्यांनी मला उलटं पाहिलं. मग डबीवरची सीडी पाहिली. चाळीस वर्षं बिनतिकिटाची माणसं हुडकलेला माणूस तो, त्याच्या नजरेतून काय सुटणार?

"गाडी अजून स्टँडवरच आहे," अवनी मराठीत म्हणाली, अडखळत, पण पूर्ण. "वेळ लागेल. पुलावर काय झाला?"

आजोबा खुर्चीत बसले. चमचा, पेला काही घेतलं नाही. "पुलावर ना? ब्रेक लागला, गाडीतली सगळी माणसं पुढं कलंडली. मी तंबोरा सोडला नाही. दोन्ही हात त्याच्याभोवती, मग धरायचं कशानं? दांड्यावर आपटलो. तंबोऱ्याला ओरखडा नाही. हे बघ," त्यांनी भुवई पुढं केली. "हे अंकलीच्या पुलाचं."

अवनीनं त्या खोकेवर बोट ठेवलं. इतके दिवस ती खोक रोज बघत होती आणि तिला ठाऊक नव्हतं. "दुखला का?"

"तेव्हा नाही. घरी गेल्यावर तुझी आजी रडली, तेव्हा दुखलं."

मी भिंग मागे-पुढे करत राहिलो, तेवढंच माझ्या हातात होतं. मग अवनीनं विचारलं, "आणि ती बाई? तिला बाळ झाला?"

"ती मोठी गोष्ट आहे. उद्या सांगतो," आजोबा सवयीनं म्हणून गेले.

"उद्या तुमची ट्रेन आहे," अवनी म्हणाली.

आजोबा मान वळवून म्हणाले, "नरेश, ती दोरी सोड. तिकिटाचं काय करायचं ते बघ."

आजोबा चंदीगडलाच राहिले, शेवटपर्यंत. ती बाई, तिचं बाळ, बोकड, नवरदेव, सगळं माझ्या कानावरून गेलं. मी बहुतेक रिकाम्या पोटी उलटा पडलेला असायचो. ते गेल्यावर अवनीनं स्वतः मला पुसून माळ्यावर ठेवलं, उलटंच. आता ती मोठी झाली आहे आणि फोनवर आत्यांशी मराठीत भांडते, मी इथून ऐकतो.

मित्रांनो, वस्तू जपा. धूळ पुसत जा, सीडी बनियनला पुसू नका, मोडलेलं दुरुस्त करा. उरलेला स्क्रू कुठला होता तेही जमलं तर बघा. आणि तुमच्या घरातलं एखादं जुनं यंत्र सुरू व्हायला वेळ घेत असेल, तर त्याच्यावर चिडू नका. तेवढ्या वेळात शेजारी कोण येऊन बसलंय ते बघा, आणि त्याला "मग?" म्हणून विचारा.