ग्लेनिसच्या डाव्या कानातला

मित्रांनो, मी एक जुना इअरपीस आहे. कार्डिफच्या टीव्हीवर संध्याकाळच्या बातम्या देणाऱ्या ग्लेनिस प्रॉबर्टच्या डाव्या कानात मी बसत असे. तिच्या कानात मऊ लगदा भरून साचा घेतला आणि त्यावरून मला घडवले. म्हणून मी दुसऱ्या कोणाच्याच कानात नीट बसत नाही.

दिग्दर्शक आतल्या खोलीतून बोलायचा. त्याचा आवाज नळीतून येऊन माझ्या बारीक छिद्रातून तिच्या कानात जायचा. "ग्लेनिस, पाहुणा आलाच नाही, हवामानाकडे वळ." ती हसतमुखाने वळायची. लोक म्हणायचे, ही बाई कधी गडबडत नाही. त्यातले निम्मे कौतुक मी माझे समजायचो.

मग आवाज मंद होऊ लागला. ती तो वाढवून घेई. तिचे वडील चाळिशीतच बहिरे झाले होते; आपलेही तसेच होतेय, असे तिला वाटू लागले. ती कोणाला काही बोलली नाही, पण प्रक्षेपण सुरू झाल्याचा दिवा लाल होण्याआधी तिच्या कानाजवळची शीर धडधडायची आणि मीही तिच्याबरोबर थरथरायचो. आवाज मंद होण्याचे खरे कारण मला ठाऊक होते. माझ्या छिद्रात मळ साचत होता. मला कोणी पुसतच नव्हते!

एके दिवशी पुराची बातमी चालू होती. दिग्दर्शक ओरडला, "मृताचं नाव वाचू नकोस, घरच्यांना अजून कळवलेलं नाही!" तो आवाज मळावर आपटून तिथेच विरला. तिने श्वास घेतला. ओठ उघडले. आता एका आईला मुलाचा मृत्यू टीव्हीवरून कळणार होता, आणि मी काहीच करू शकत नव्हतो.

"नाव आपण नंतर सांगू," शेजारी बसलेला तिचा सहनिवेदक एम्लिन मध्येच म्हणाला. त्याला स्वतःच्या इअरपीसमधून ऐकू आले होते.

दिवा विझल्यावर ती पुटपुटली, "एम्लिन, मी उद्या नोकरी सोडतेय. मला ऐकू येत नाही रे."

"कुठल्या कानानं?"

"डाव्या."

एम्लिनने मला उपसून काढले आणि त्याच कानाशी कुजबुजला, "चहा पाजतेस का?"

"तुला तर चहाचं निमित्तच..." ती थबकली.

त्याने मला टेबलावरच्या दिव्याखाली धरले. "अगं बाई, केवढा मळ! यात बटाटे लावता येतील!"

ती हसली आणि हसता हसता रडली.

आता तिच्या कानात नवा आहे, मी खणात. मित्रांनो, वस्तू वेळच्या वेळी पुसत जा. आणि भीती वाटली, तर शेजारच्याला सांगा. मला तोंड नव्हते. तुम्हाला आहे.